नानांचा लेट कट

रविवारी सकाळी नदीपात्रात क्रिकेट खेळणारे आम्ही सगळे आता पन्नाशी ओलांडून बसलोय. कुणी किती रन काढले, ते कुणालाच आठवत नाही. किस्से मात्र माळ्यावरच्या सामानासारखे साठत जातात. त्यात निम्मा माळा नानांचा!

नाना आमचे कॅप्टन, राहायला नारायण पेठेत. लेट कट मारावा तर त्यांनीच. बॉल पार स्टंपांपाशी येईपर्यंत थांबायचे आणि नुसतं मनगट वळवायचे. बॉल थर्डमॅनला! रस्त्यावर घासून पुढे घुसणारे जो कट मारतात, त्याचा मात्र त्यांना भयंकर राग.

*

एकदा मॅच जिंकल्यावर त्यांनी मैदानातूनच घरी फोन लावला. "अगं, आज चार कट मारले!"

वहिनी म्हणाल्या, "आणि लायसन्स अजून तुमच्याकडेच आहे?"

*

आमच्या बंड्याच्या स्कूटरला लक्ष्मी रोडवर एक बाइक घासून गेली. आरसा फुटला. बंड्या चौकातल्या हवालदारांकडे धावला. "साहेब, त्यानं कट मारला!"

हवालदारांनी शांतपणे विचारलं, "स्क्वेअर की लेट?"

बंड्या आरसा विसरला. पुढच्या रविवारी हवालदार आमचे विकेटकीपर!

*

मग एका संध्याकाळी मंडईजवळ नानांनाच कुणीतरी कट मारला. नाना पडले, उजवं मनगट मोडलं. बाइकवाला पळाला नाही. खराडीत नोकरी करणारा, अमरावतीचा निखिल. त्यानंच त्यांना रिक्षात घालून हॉस्पिटलात नेलं. प्लास्टर चढेपर्यंत बिचारा रडवेला झाला होता. "काका, माझीच गलती झाली."

नाना कण्हत म्हणाले, "झालीच. अहो, कट मारताना थांबायचं असतं. तुम्ही फार लवकर मारलात!"

*

हाड जुळलं, पण मनगट पूर्वीसारखं वळेना. नाना अंपायर झाले. निखिल त्यांना दर रविवारी घरून घेऊन यायचा. हळूहळू तोही आमच्यात खेळायला लागला.

परवा खेळ आटोपताना नानांनी अचानक बॅट मागितली. निखिलनं ऑफ स्टंपच्या बाहेर हळू बॉल टाकला. नाना थांबले, अजून थांबले, आणि मनगट वळलं. थोडंसंच.

बॉल रांगत थर्डमॅनकडे आला. तिथे मी होतो. मी वाकलो नाही. तो माझ्या शेजारून पुढे गेला आणि गवतात जाऊन थांबला.

"नाना, पळा की!" बंड्या ओरडला.

"गप रे," नाना म्हणाले. "बघू दे."