कॅमेऱ्यावरची चिंधी

गल्लीतल्या निम्म्या लोकांचे कपडे मावशीने कधी ना कधी सैल नाहीतर घट्ट केले होते. कोणाचं पोट सुटलं, कोण आतून खंगत चाललंय, हे तिला डॉक्टरच्या आधी कळायचं. पण तिने त्यावर कधी ब्र काढला नाही. अशा बाईने चाळीस वर्षं एक खोटं पोटात ठेवलं, यात नवल ते काय!

खोटं धाकट्या बहिणीसाठी होतं. धाकटी आईशी भांडून घर सोडून गेली, ती आई गेल्यावरच परतली. उंबऱ्यात बसून तिने हंबरडा फोडला, तेव्हा मावशी म्हणाली, "जाताना आई बोलली, धाकटीला सांग, माझा तिच्यावर राग नाही." खरं तर मावशी त्या वेळी दुकानात एका कोटाला बाही लावत होती. पोचली तेव्हा सगळं आटोपलं होतं, आईजवळ कोणीच नव्हतं. पण त्या एका वाक्याच्या आधारावर धाकटी सावरली, तिने संसार केला, मुलाला वाढवलं.

तोच मुलगा, मावशीचा लाडका भाचा, यंदा कॅमेरा घेऊन आला. मोठी माणसं आहेत तोवर घराण्याचा इतिहास टिपून ठेवायचा म्हणे. मावशी मशीनवर बसून बोलायची, तो चित्रण करायचा. चित्रण चालू असेतो लागणारा कॅमेऱ्याचा लाल दिवा तिच्या डोळ्यांत खुपायला लागला, म्हणून तिनेच काळ्या अस्तराची चिंधी कापून त्यावर चिकटवली. आपल्याच हाताने पायावर धोंडा पाडून घेणं म्हणतात ते हे.

एका दुपारी आईचा विषय निघाला.

"तो बंद कर आधी," मावशी म्हणाली.

"केला, मावशी." भाच्याने कुठलंसं बटण दाबलंही.

मग तिने सगळं सांगितलं, कोटाच्या बाहीसकट. इतक्या वर्षांनी तिला मोकळं वाटलं.

"तुझ्या आईला कळता कामा नये हं."

"वेडी आहेस का तू?" भाचा म्हणाला.

महिन्याभराने त्याने घरातल्या सगळ्यांना हॉलमध्ये जमवून भिंतीवर फिल्म लावली. दोघी बहिणी शेजारी बसल्या होत्या. मावशीच्या गिऱ्हाइकांचे किस्से ऐकून धाकटी हसून हसून तिच्या अंगावर कलंडत होती. आणि भिंतीवरून मावशीचाच आवाज आला, "तो बंद कर आधी."

इथे संपेल, असं तिला वाटलं. नाही संपलं.

दिवे लागले. धाकटीने मावशीच्या हातातला आपला हात काढून घेतला.

"अरे, शब्द दिला होतास ना मला?" मावशी भाच्याला म्हणाली.

"मावशी, तोच भाग तर फिल्मचा जीव आहे. आणि आईला खरं कळायला नको?"

ज्याचं करावं भलं, तो म्हणतो माझंच खरं! या पोराची पहिली चड्डी तिने शिवली होती, आणि त्याने केसाने गळा कापला.

"ताई, मग आई काय म्हणाली होती?" धाकटीने विचारलं. "काहीतरी म्हणाली असेलच ना गं?"

चाळीस वर्षांपूर्वी मावशीला एक वाक्य रचायला क्षणही लागला नव्हता. आज एकही सुचेना. तिने नजर चुकवली, आणि कोपऱ्यातला स्टँड दिसला. कॅमेऱ्याचं तोंड दोघी बहिणींकडेच होतं.

ती उठली. जवळ जाऊन तिने अस्तराची चिंधी नखाने सोलून काढली. खाली लाल दिवा लागलेला होता.