गुर्शा, जोलोफ आणि 'आय'म ग्रँड'

आयर्लंडला आल्यापासून आमच्याकडेही कपाटाला 'प्रेस' म्हणतात, आणि त्या प्रेसमध्ये झाकण हरवलेले डबे कसे आपोआप वाढत जातात, तसेच दर गुरुवारचे किस्से वाढत गेलेत. टाकवत नाहीत आणि एकावर एक नीट बसतही नाहीत!

डब्लिनजवळच्या सिटीवेस्टमधल्या आमच्या हॉलमध्ये गुरुवारी सकाळी आया आणि मुलं जमतात. मी गेले ती माझ्या लेकीच्या, इराच्या, कमी वजनापायी. इरा चार वर्षांची. नर्सबाईंनी तिला काट्यावर उभं केलं आणि नुसतं "हं" म्हणाल्या. त्या 'हं'वर मी किती रात्री काढल्या ते विचारू नका.

हॉलची किल्ली ब्रीडाकडे. आजीच्या वयाची आयरिश बाई. पहिल्याच दिवशी तिनं चहा विचारला. मी सवयीनं "नको" म्हटलं. "आह, गो ऑन!" मी पुन्हा नको. "आह, गो ऑन!" तिसऱ्यांदा कप हातात. मला भरूनच आलं. इतक्या लांब आल्यावरही कुणीतरी आग्रह केला!

*

ब्रीडानं फर्मान काढलं, सगळ्यांनी मिळून एक हेल्दी पदार्थ करायचा. नायजेरियाची फोलाके म्हणाली, आमचा जोलोफ, म्हणजे टोमॅटो-मिरचीत शिजवलेला भात. इथिओपियाची सेलाम म्हणाली, आमची मिसिर, म्हणजे झणझणीत मसूर डाळ. मग ठरलं, दोन्ही एकत्रच करू!

"म्हणजे मसाला खिचडी," मी उत्साहानं म्हणाले.

दोघींनी माझ्याकडे असं पाहिलं, की मी कांदे चिरायला घेतले.

*

हेल्दी करायची जबाबदारी अर्थातच माझी. मी तेल मोजायला घरून चमचा नेला. फोलाकेनं तो उजेडात धरून पाहिला. "माय डिअर, हा बाहुलीचा आहे का?"

त्यात मी पांढऱ्याऐवजी ब्राऊन राईस आणलेला, तोही न भिजवता. शिजता शिजेना! दुपारी हॉलमध्ये बिंगो खेळायला येणाऱ्या आज्या दारात येऊन उभ्या, तरी भात कचकचीत. ब्रीडानं एक घास चावला. बराच वेळ चावला. "इट्स... ग्रँड."

फोलाके माझ्या कानात म्हणाली, "आयर्लंडमध्ये ग्रँड म्हणजे छान, पण असं थांबून म्हणाले की समज, मेलं!"

*

इराला मी भरवायचे ते आपल्या पद्धतीनं. हा घास काऊचा, हा घास चिऊचा. इराला मराठी सगळं कळतं, उत्तर मात्र कायम इंग्रजीत, तेही पक्क्या डब्लिनी सुरात.

"चिऊचा घास, आ कर."

"आय'म ग्रँड, मॅमी. गिव्ह इट टू द बर्ड, सो."

म्हणजे मला नको, चिमणीलाच दे. सगळा हॉल हसला. मीही हसले. डबा मात्र भरलेलाच घरी आला.

*

एका गुरुवारी सेलामनं इंजेरा आणला. आपल्या आंबोळीसारखा, आंबट, जाळीदार. त्याच्या तुकड्यात डाळ-भात गुंडाळला आणि थेट माझ्या तोंडापाशी धरला! मला शेवटचं कुणी भरवलं होतं ते लग्नात, तेसुद्धा फोटोग्राफर "मॅडम, तोंड अजून उघडा" म्हणून ओरडल्यावर. मी कसाबसा घास घेतला. दुसरा येताना दिसला तशी तोंडावर हात ठेवला. "पुरे, पुरे! आय'म ग्रँड!"

सेलामनं हात खाली घेतला. हसली, पण थोडंसंच.

नंतर फोलाकेनं सांगितलं. असं मायेनं भरवलेल्या घासाला गुर्शा म्हणतात, आणि तो एकावर थांबवत नाहीत. एकावर थांबला तर रुसवा.

मला वाटत होतं, ती आग्रह करेल. तिला वाटलं, मला नकोय. पुढच्या प्रत्येक गुरुवारी मी तिच्या शेजारी बसले. गुर्शा काही परत आला नाही. आणि "दे ना" असं स्वतःहून कसं म्हणायचं, ते मला कुणी शिकवलेलं नाही.

*

मग सेलामच्या नवऱ्याला नावन या दुसऱ्या गावी नोकरी लागली. "नावन काही लांब नाही," सगळ्या म्हणाल्या. असं म्हटलं की माणसं भेटत नाहीत, हे मला पुण्यातल्या मैत्रिणींनी शिकवलंय.

सेलामच्या शेवटच्या गुरुवारी पदार्थ जमला. तांदूळ मी रात्रीच भिजवले होते, आणि माझा चमचा फोलाकेनं लपवला होता.

आम्ही ताटाभोवती बसलो. इरानं इंजेराचा तुकडा तोडला, त्यात भात कोंबला आणि निघाली. सेलामला भरवला. फोलाकेला. ब्रीडाला. मग माझ्यापुढे उभी. मी मुकाट्यानं तोंड उघडलं. तिनं दुसरा आणला, मी तोही घेतला. सेलाम बघत होती.

मग सेलामनं छोटासा घास केला आणि इरापुढे धरला.

"आय'म ग्रँड," इरा म्हणाली.

माझ्या ओठांवर काऊ-चिऊ आलेच होते. ब्रीडानं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला.

"आह, गो ऑन," ती इराला म्हणाली.

"नो, आय'म ग्रँड."

"आह, गो ऑन!"

इरानं सेलामकडे पाहिलं. तोंड उघडलं. बराच वेळ चावलं, गिळलं.

आणि चक्क मराठीत म्हणाली, "अजून."