न उघडणाऱ्या फाइली

आमच्या शेडमधल्या मशीनला आंबा दाखवला की तो कुठल्या पेटीत जायचा ते मशीन ठरवतं. पट्ट्यावरून आंबे सरकत येतात, वर कॅमेरा टांगलाय, तो फोटो काढतो. फोटो केबलीतून कॉम्प्युटरकडे जातो. कॉम्प्युटर रंग, डाग, आकार बघतो आणि आंब्याला त्याच्या कप्प्यात ढकलतो. त्या कॉम्प्युटरसमोर मी बसते. नववीतून शाळा सुटलेली, हिंगोलीकडची. रत्नागिरीत आले होते आंबे पुसायला आणि पेंढ्यात लावायला. खुर्ची मिळाली ती शेठमुळे. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं वाचून कुणाला वाटेल की मी शेठची निंदा करतेय. तसं नाही. ज्यानं सावलीत बसवलं त्याची निंदा करू नये, एवढं मला कळतं.

खुर्ची मिळाली तीही गंमतच. मशीन बसवायला पुण्याहून एक इंजिनीअर आला होता, मिसरूड नुकतंच फुटलेला. त्यानं विचारलं, "एबीसीडी कुणाला वाचता येते?" टेबलावर आंबे निवडणाऱ्या सगळ्या बायका इथल्याच, पावस गावाच्या आसपासच्या. त्यांच्यात बारावी झालेल्या पण होत्या. पण कुणी हात वर करेना. काकी म्हणाली, "त्या घाटणीला बसवा. तिला नायतरी आंब्यातला काय कळतो?" सगळ्या हसल्या, आणि मी बसले.

काकी म्हणजे टेबलाच्या डोक्याशी बसणारी. आंबा हातात घेऊन देठाशी नुसतं नाक नेलं की तो कुठल्या बागेतला ते सांगायची. खरं सांगायची की खोटं, तपासणार कोण? जिभेला धार होती. घाट उतरून आलेल्याला इथं घाटी म्हणतात, तर मी तिची घाटीण. पहिल्याच आठवड्यात तिनं सगळ्यांसमोर विचारलं होतं, "काय गो, तुमच्याकडं आंबा झाडाला लागतो की एस्टीनं येतो?" पण आजारी पडले तेव्हा पेजेचं भांडं तिच्याच घरून आलं. भांडं परत न्यायला गेले तर म्हणाली, "घासलंस ना नीट? का तुमच्यात घासायची पद्धत नाय?"

इंजिनीअरचे मात्र माझ्यावर उपकार आहेत. मला काही येत नाही हे त्याला दिसत होतं, तरी त्यानं समजावलं. म्हणाला, "ताई, हा जो प्रोग्राम दिसतो ना, तो स्वतः फार थोडं करतो. बाकीची कामं दुसऱ्या फाइलींकडून करून घेतो. त्या दुसऱ्याच कुणी लिहिलेल्या असतात, तयार असतात, आपण आणून शेजारी ठेवायच्या. ही बघा, ही कॅमेऱ्याशी केबलीवरून बोलते. ही दुसरी चित्र वाचते, रंग ओळखते. प्रोग्राम सुरू झाला की नावानं हाक मारतो. त्यांनी ओ दिली की काम चालू."

"आणि नाही दिली तर?"

"तर प्रोग्राम उघडतच नाही."

त्या फाइलींच्या नावाशेवटी डीएलएल अशी अक्षरं होती. चित्र म्हणजे पांढऱ्या कागदावर दोन चाकं. मी नावं पाठ केली. अर्थ कळला नाही, पण शाळेत तरी कुठं सगळं अर्थ कळून पाठ केलं होतं?

मला ती खुर्ची टिकवायची होती. हंगाम संपला की बाहेरून आलेल्यांना शेठ परत पाठवतात. इथलीच दोन-चार माणसं मागं राहतात, रसाच्या डब्यांच्या कामाला. इंजिनीअर जाताना शेठला म्हणाला होता, मशीन बारा महिने कुणीतरी चालू-बंद करत राहिलं पाहिजे. तेव्हा शेठनी माझ्याकडं बघून मान हलवली होती. तेवढ्या मानेवर मी जगत होते. घरी बापानं एक बिजवर बघून ठेवला होता, माझ्यापेक्षा पुष्कळ मोठा, पहिलीची दोन लेकरं असलेला. फोनवर बाप म्हणायचा, "मे महिन्यात येतीस ना? मग उरकून टाकू." उरकून टाकू, हाच शब्द. मी म्हणायची, बघते.

पाडव्याला हंगामातली पहिली, मुहूर्ताची पेटी मुंबईला जाते. त्याच्या आधी शेडमध्ये मोठी साफसफाई. क्रेट धुतले, जाळ्या झाडल्या, जुना पेंढा जाळला. शेठ कॉम्प्युटरपाशी आले आणि म्हणाले, "हाही साफ करू या. हळू चालतो." मी उठून बाजूला उभी राहिले. शेठनी प्रोग्रामचं फोल्डर उघडलं. आत त्या दोन चाकांच्या फाइली ओळीनं. एकीवर दोनदा टिचकी मारली, उघडेना. दुसरीवर मारली, तीही उघडेना.

"हे काय आहे?"

"शेठ, ते कामाचं आहे. ते राहू द्या."

"कामाचं आहे तर उघडत का नाही?" ते माझ्याकडं वळलेसुद्धा नाहीत. "नववी ना तू? पास का नापास?"

"नापास नाही शेठ. शाळा सुटली."

"तेच ते."

आणि सगळ्या फाइली निवडून त्यांनी कचऱ्यात टाकल्या. मग कचराही रिकामा केला. व्यापारी माणूस, न उघडणारी पेटी वखारीत ठेवत नाही. मागं टेबलावर काकी फडक्यानं वजनकाटा पुसत होती. तिनं हे सगळं बघितलं. हे मला नक्की माहीत आहे, कारण शेठ गेल्यावर ती म्हणाली होती, "नापास ती नापास."

पाडव्याला सकाळी शेडमध्ये सगळे जमले. शेठच्या आई आल्या. मशीनला हार घातला, कॉम्प्युटरला हळदकुंकू लावलं. आंब्याच्या राखणीला असलेल्या म्हाताऱ्यानं गाऱ्हाणं घातलं. "बा देवा महाराजा, आज ह्या लेकरानी नवा यंत्र आणलेला हा, त्याच्यात काय अडचण अडथळा असंल तर तो तुझ्या पायाखाली घे महाराजा!" आणि आम्ही सगळे, "व्हय महाराजा!" मीही ओरडले. माझ्याइतकं मनापासून त्या दिवशी कुणीच ओरडलं नसेल.

नारळ फोडला तेव्हा पाणी उडालं, कॉम्प्युटरच्या टेबलावर सांडलं. सगळे हात जोडून उभे. काकी पुढं झाली आणि तिनं पदरानं पाणी पुसून घेतलं. काकीचा नवरा बोटीवर होता, तिकडंच वारला, त्याला बरीच वर्षं झाली. मी बटण दाबलं. कॉम्प्युटर सुरू झाला. प्रोग्रामवर टिचकी मारली तर पडद्यावर छोटी चौकट आली. बाकी काही नाही. पट्टा जागेवर. पट्ट्यावर मुहूर्ताचे आंबे, झेंडू लावलेले.

मग शेठच्या आई म्हणाल्या, अगदी हळू, पण शेडमध्ये हळू बोललेलं जास्त ऐकू येतं, "सवाष्णी काय कमी होत्या पुसायला?"

सगळ्यांनी काकीकडं बघितलं. तिच्या शेजारी रोज बसणारी बाई जरा सरकून उभी राहिली. काकीचं तोंड मी कधी बंद बघितलं नव्हतं. त्या दिवशी बघितलं. पदराचं ओलं टोक तिनं मुठीत घेतलं.

शेठ म्हणाले, "काकी, तू जरा बाहेर बस बघू." आणि आईकडं बघून म्हणाले, "उद्यापासून बघू काय ते."

मला सहन झालं नाही असं लिहिलं तर ते चांगलं दिसेल. खरं म्हणजे मला भीती वाटली की मशीन चालत नाही म्हणून खुर्ची जाईल. मी इंजिनीअरला फोन लावला. शेठ म्हणाले, "आवाज मोठा कर, सगळ्यांना ऐकू दे." मी चौकटीतलं एकेक अक्षर वाचून दाखवलं.

"ताई, फाइल सापडत नाही म्हणतोय तो. फोल्डर उघडा. दोन चाकांच्या फाइली दिसतात?"

"नाहीत."

"एकही नाही?"

"एकही नाही."

"पाणीबिणी गेलं असंल का हो?" राखणदारानं लांबून विचारलं.

"पाण्यानं फाइली जात नाहीत काका," फोन म्हणाला. "कुणीतरी डिलीट केल्यात. कुणी केल्या?"

काकी दारातून दोन पावलं आत आली होती. शेठनी फोनकडं बघितलं, मग माझ्याकडं. "इथं बसतं कोण?"

माझ्या तोंडून गेलं, "शेठ, परवा साफसफाईत तुम्हीच..."

पुढचं बोलायला मिळालंच नाही. काकीच बोलली. "शेठना बोलतेस? कुणाच्या शेडीत उभी हायस तू? मी होते परवा काट्यापाशी. हिच्याच हातात होता तो कॉम्प्युटरचा उंदीर. हिनंच काढल्यान त्या फायली. जळलं मेलं लक्षण! घाटणीला खुर्चीवर बसवलीत तेव्हाच मी बोललेलं."

खुर्चीवर मला तिनंच बसवायला सांगितलं होतं. पण त्या वेळी कुणाला ते आठवायचं नव्हतं. शेजारीण परत काकीजवळ सरकली. शेठच्या आईंनी सुस्कारा सोडला, अशुभ टळल्यासारखा. सगळ्यांचेच खांदे खाली आले. एवढ्या माणसांना एकदम बरं वाटलेलं मी दुसऱ्यांदा कधी बघितलं नाही. काकी माझ्याकडं बघत होती आणि तिचे डोळे पार कोरडे होते. मी तिच्या जागी असते तर काय केलं असतं, हा विचार मी करत नाही.

"हॅलो? कुणी केल्या?" फोन.

शेठ हसत होते. रागावले नव्हते. नुसते वाट बघत होते. मला बापाचा शब्द ऐकू आला, उरकून टाकू.

"माझ्याच हातून गेल्या," मी म्हणाले.

"ठीक आहे, होतं असं," इंजिनीअर म्हणाला. "मी पाठवतो." त्या दिवशी माझ्याशी नीट बोललेला तो एकटाच, आणि त्यालाच मी खोटं सांगितलं.

शेठ खुर्चीवर बसले. मी शेजारी उभं राहून सांगायचं आणि त्यांनी करायचं असं ठरलं, पण त्यांना ते जमेना. तेव्हा ते बसल्या जागीच जरा कलले आणि मी वाकून त्यांच्या खांद्यावरून हात नेऊन काम केलं. कॅमेऱ्याशी बोलणारी फाइल आली, जागेवर ठेवली. चित्र वाचणारी आली, ठेवली. प्रोग्राम उघडला. पट्टा सुरू झाला. पडद्यावर मुहूर्ताचा पहिला आंबा आला तो निळा.

निळा म्हणजे निळाच, रॉकेलसारखा. झेंडूही निळा. मशीननं तो आंबा सडका म्हणून टाकून दिला, मागचाही टाकला. सगळा मुहूर्त सडक्यात जमा होऊ लागला. बायका पदर तोंडात कोंबून हसत होत्या. काकी म्हणाली, "घाटावर असाच पिकत असंल!" मग शेठही हसले.

इंजिनीअर म्हणाला, चुकून जुनी फाइल पाठवली, तिच्यात लाल आणि निळ्याची अदलाबदल होते. त्यानं नवी पाठवली, मी बदलली. आंबे पिवळे झाले. मुहूर्ताची पेटी दुपारी भरली, उशिरा, पण गेली. गाडी फाटकाबाहेर पडल्यावर शेठनी मला बोलावलं.

"फाइली कुठं ठेवायच्या ते तुलाच ठाऊक ना?"

"हो शेठ."

"अजून एका ठिकाणी ठेवून दे. नाहीतर परत काढून टाकशील." आणि थांबून, "पावसाळ्यात राहायला जागा हाय का तुला?"

मी त्यांच्या पाया पडले. कुणी सांगितलं नव्हतं. पडले.

हंगाम संपला. घाटावरच्या बायका एसटीनं गेल्या, मी राहिले. बापाला कळवलं की शेठ सोडत नाहीत. बिजवराला दुसरी मिळाली.

काकी अजून टेबलाशी आहे. टेबल आता लहान झालंय, मशीननं बाजूला काढलेले तेवढेच आंबे त्यावर येतात. पाडव्याचं आम्ही कधी बोललो नाही. माझ्याशी ती आधीसारखीच बोलते, कमी नाही, जास्त नाही.

परवा मोठे व्यापारी मशीन बघायला आले होते. शेठनी त्यांना पट्टा दाखवला, कॅमेरा दाखवला, मग माझ्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. "ही बघा. ऐन पाडव्याला हिनं मशीनचा गळा घोटला होता. सगळ्या फाइली कचऱ्यात! काय गं?"

"हो शेठ," मी म्हणाले.

"आणि तरी ठेवलीत हिला?" एक व्यापारी म्हणाला.

"जाईल कुठं बिचारी?" शेठ म्हणाले.

व्यापारी हसले. टेबलावरून काकी सगळ्यांत मोठ्यानं हसली. मीही हसले. मग त्यांच्यातल्या एकानं विचारलं, चालू करून दाखवाल का, आणि मी बटण दाबलं.