सगळे बिल्ले बोर्डवर होते

मार्चमधल्या एका बाजाराच्या दिवशी, दुपारी चार वाजता, मालेगाव तालुक्यातल्या निकेलच्या खाणीचे पंप कायमचे बंद करण्यात आले. थोड्याच वेळात खालून घंटी वाजली.

ही चाचणी खाण होती. बेसॉल्टच्या थराखाली निकेल सापडलं, कंपनीने शाफ्ट, म्हणजे उभी विहीर, खोदली. मग निकेलचा भाव पडला आणि काम थांबलं. अशी खाण लगेच सोडून देत नाहीत. भाव चढेल या आशेवर पंप चालू ठेवतात, रिकामा पिंजरा रोज खाली-वर करतात. पिंजरा म्हणजे माणसांची लिफ्ट. काही वर्षं हे चाललं. शेवटी खाण पाण्याखाली जाऊ द्यायचा निर्णय झाला. मी तिथला इंजिनियर होतो.

खाली जाणारा प्रत्येक जण आपला पितळी बिल्ला बोर्डवरून काढून खिशात ठेवतो. वर आला की परत लावतो. त्या दिवशी सगळे बिल्ले बोर्डवर होते. ते पाहूनच पंपांचा स्विच पाडला. खालचे दिवेही त्याच लाइनवर होते. घंटी मात्र वेगळ्या बॅटरीवर चालायची.

तीन ठोके पडले. खाणीच्या भाषेत तीन म्हणजे माणूस पिंजऱ्यात चढतोय.

पिंजरा चालवणारे रामभाऊ लिव्हरवरचा हात काढेनात.

“खाली उंदरायनं युनियन काढली वाटते,” स्टोअरवाला गजानन म्हणाला.

“हसू नको बे. तीन झाले,” रामभाऊ म्हणाले.

ओलीमुळे घंटी याआधीही वाजली होती. पण तेव्हा ती एकसारखी घणघणायची. हे ठोके सुटे होते. मी नागपूरला साहेबांना फोन लावला.

“अहो, वायरला ओल लागली असेल. बोर्ड पाहिलात ना?”

“पाहिला. सगळे वर आहेत.”

“मग झालं. पाच वाजता लाइनमन मेन लाइन तोडणार आहे. त्याला थांबवू नका.”

मेन लाइन गेली की पिंजराही जागेवरच राहणार होता. शाफ्टमधली शिडी कधीच गंजून तुटली होती.

पुन्हा तीन ठोके पडले.

“मी खाली जातो,” मी म्हणालो. “रामभाऊ, सोडा पिंजरा.”

माझा बिल्ला काढायला मी बोर्डपाशी गेलो. गजानन मधे आला. आता तो हसत नव्हता.

“साहेब, तुळश्याचा बिल्ला मीनं लावला.”

“कायले?” रामभाऊ ओरडले.

“बाजाराले तो लवकर जाते. त्या दिवशी बिल्ला माह्यापाशीच ठेवून खाली उतरते, दर खेपेले मीच लावतो त्याचा. मले वाटलं, गेला असंल.”

तुळशीराम पंपवाला होता. पंपाची खोली खाणीत सगळ्यांत खोल. पंप थांबले की पाणी आधी तिथेच भरतं.

खाली पिंजरा टेकला. घंटीची कळ पिंजऱ्याच्या दाराशेजारीच होती. तिथे कोणीही नव्हतं. पाणी घोट्याच्या वर आलं होतं. मी हाक मारली. उत्तर बऱ्याच वेळाने आणि लांबून आलं. मग बोगद्याच्या वळणावर, भिंतीला हात लावत, तुळशीराम दिसला. कंबरेपर्यंत भिजलेला. डोक्यावरचा दिवा विझलेला.

मी त्याला आत घेतलं, इशारा दिला. पिंजरा वर निघाला.

“घंटी वाजवलीस ते बरं केलंस,” मी म्हणालो.

“कोनती घंटी?”

“तीन ठोके. दोनदा.”

“मी कायची वाजवू, साहेब? पंपाजवळ झोप लागली होती. जाग आली तं सारा अंधार. वाटच सापडेना. पिंजऱ्याचा खडखडाट आयकला, त्याच्या आवाजानं आलो.”

वर गजाननने त्याच्या खांद्यावर चादर टाकली. तुळशीराम शेवटच्या बसने घरी गेला.

मेन लाइन एक दिवस उशिरा तोडली. पण तुळशीराम वर आला त्याच संध्याकाळी, पाणी कळीपर्यंत चढायच्या आत, मी आणि रामभाऊंनी घंटीचा बॉक्स तारांसकट वर आणला आणि टेबलावर उघडला. तारा कुठेही उघड्या पडलेल्या नव्हत्या. बॉक्स आतून कोरडा होता.