डाव्या तळपायाला आठवण

या पानावरचे अनुभव मी बरीच वर्षं वाचतो आणि खरं सांगायचं तर बहुतेक अर्धवट सोडतो. कुणाला बाई दिसते, कुणाला पैंजण ऐकू येतात... माझा त्यावर कधी विश्वास बसला नाही. माझा धंदा वजनकाटे दुरुस्तीचा. आधी चांदवडला दुकान होतं, आता नाशिक रोडला आहे. काटा चुकतो त्याला कारण असतं. स्प्रिंग गेलेली असते, आत ओल गेलेली असते, नाहीतर कुणीतरी मुद्दाम चुकवलेला असतो. चौथं कारण मी तीस वर्षांत पाहिलेलं नाही.

हे लिहितोय ते कुणाला घाबरवायला नाही. मला एक गोष्ट कबूल करायची आहे आणि ती या अनुभवाशिवाय सांगता येत नाही.

गेल्या वर्षी माझी मुलगी वैशाली सातव्या महिन्यातच बाळंत झाली. जावई फौजेत, लांब पोस्टिंग, रजा मिळेना. त्यामुळे सगळी धावपळ मी आणि माझी बायको मंगल करत होतो. मुलगी झाली. वजन अकराशे चाळीस ग्रॅम. हॉस्पिटल कॉलेज रोडच्या मागच्या गल्लीत. नाव लिहीत नाही, कारण त्यांची काहीच चूक नव्हती. तिसऱ्या मजल्यावर लिफ्टमधून बाहेर पडलं की उजवीकडे काचेचा दरवाजा, आत सहा पेट्या. आमची चौथी, खिडकीकडची. पेटीवर पट्टी – 'बेबी ऑफ वैशाली'.

डॉक्टर मॅडमनी नीट समजावलं. इतक्या लवकर आलेल्या बाळांच्या मेंदूत श्वासाची व्यवस्था पूर्ण तयार झालेली नसते. मध्येच श्वास थांबतो, थांबला की हृदयाचे ठोके मंदावतात. बहुतेक वेळा बाळ आपलं आपण सावरतं, नाहीतर जरा हलवावं लागतं. औषध चालू आहे, दिवस भरत जातील तसं हे थांबेल.

ललिता सिस्टर तेच सोपं करून सांगायच्या. "ती श्वास घ्यायला विसरते काका. आपण आठवण द्यायची." म्हणजे तळपायाला बोटाने हलकीशी टिचकी. त्या वॉर्डात सगळ्या जणी त्या टिचकीला 'आठवण'च म्हणायच्या. ड्युटी बदलताना एक दुसरीला सांगायची, "चार नंबरला सकाळपासून दोन आठवणी लागल्या. पाच नंबर शहाणी, एक पण नाय."

टिचकी हा शब्द ऐकला आणि मी हात खिशात घातले. त्याचं कारण पुढे येईल.

घरी सोडायचा नियम असा होता – ओळीने सात दिवस एकही आठवण लागता कामा नये. लागली की मोजणी परत शून्यावर. वैशूने वहीच्या मागच्या पानावर सात चौकोन आखले होते. रोज एक भरायची.

सुरुवातीला आत फक्त आईला सोडत. मला पहिल्यांदा परवानगी मिळाली तेव्हा बाळ तीन आठवड्यांचं होतं आणि चार चौकोन भरलेले होते. सकाळी अकराची वेळ. हात कोपरापर्यंत धुतले, गाऊन घातला, पेटीजवळ गेलो. पडद्यावर ठोके एकशे बावन्न. ती झोपलेली होती. मग तिने डोळे उघडले.

एवढी लहान बाळं बघत नसतात, नुसते डोळे उघडतात, हे मलाही सांगितलेलं होतं. पण ती माझ्याकडे बघत होती. आणि बघता बघता तिची छाती थांबली. विसरल्यासारखी नाही. हट्टी पोर रागाने श्वास कोंडून धरतं ना, तशी.

एकशे दहा. ब्याऐंशी. एकोणसाठ. अलार्म वाजला. ललिता सिस्टरने पेटीच्या खिडकीतून हात घातला. एक आठवण, दुसरी, तिसरी. "घे ना गं बाई, घे..." ओठ निळे पडले. "सरका काका, मागे सरका." तोंडावर मास्क धरला तेव्हा कुठे ती परतली. तोपर्यंत मी दारापाशी पोचलो होतो.

वैशूने चारही चौकोन खोडले. "तुमचा काय दोष बाबा," ती म्हणाली. मी मान हलवली.

पुढच्या वेळी गेलो तेव्हा पाच चौकोन भरले होते. संध्याकाळी पाच वाजता. तसंच सगळं – डोळे उघडणं, बघणं, थांबणं. या वेळी ठोके पन्नासच्या खाली गेले.

सगळं शांत झाल्यावर ललिता सिस्टर हसून म्हणाल्या, "काय काका, नात रुसलीय का तुमच्यावर? आजी येते तर मस्त झोपून राहते." बोलता बोलता त्यांनी तक्ता उलटला, मागची नोंद बघितली. पुन्हा पुढची. मग हसायच्या थांबल्या. "एखाद्याच्या आवाजाने होतं असं," त्या म्हणाल्या. मी दोन्ही वेळा एक शब्दही बोललो नव्हतो.

आता माझी दुसरी चूक. पहिली पुढे सांगतो.

एखादा काटा तीनदा तपासल्याशिवाय मी तो बरोबर आहे की चूक हे सांगत नाही. धंद्याची सवय. मला खात्री करायची होती. तिसऱ्या चौकोनाच्या दिवशी दुपारी दोन वाजता कुणालाही न सांगता गेलो. लिफ्ट घेतली नाही, जिन्याने चढलो. तिसऱ्या मजल्यावर, जिन्याच्या चौकात भिंतीआड उभा राहिलो. तिथून मला पेटी दिसत नव्हती, आतून कुणाला मी दिसत नव्हतो. हातात घड्याळ धरलं आणि सेकंद मोजायला लागलो.

सतराला अलार्म वाजला.

आतून ललिता सिस्टरचा आवाज – "चार नंबर, चार नंबर, मास्क द्या." मग बराच वेळ नुसती धावपळ. एका तपासणीसाठी मी तिचे तीन दिवस घालवले होते. जीवही गेला असता.

दूध पोचवायला आलेली मंगल दार उघडून बाहेर आली. रडत होती. मला बघून थांबली. तिची नजर माझ्या हातातल्या घड्याळावर गेली.

"कशाला आलात?"

"सहज. बघायला."

"मोजायला आलात," ती म्हणाली.

इथे पहिली चूक सांगायला हवी. पंचवीस वर्षांपूर्वी आम्हाला दुसरी मुलगी झाली होती. तीही अशीच, दिवस भरायच्या आत, नाशिकलाच. वैशू तेव्हा दोन वर्षांची. डॉक्टर म्हणाले, अजून तीन आठवडे ठेवा. मी 'स्वतःच्या जबाबदारीवर घरी नेत आहे' या कागदावर सही केली. अडचण कसलीच नव्हती. दुसरी पण मुलगीच – एवढंच डोक्यात होतं. निघताना डॉक्टरांनी मला करून दाखवलं, श्वास थांबला तर तळपायाला अशी टिचकी मारा.

आग्रा हायवेवर, वडाळीभोई मागे पडल्यावर, जीपमध्ये माझ्या मांडीवर तिचा श्वास थांबला. मंगल शेजारी डोळे मिटून बसली होती. मी दुपट्यातून तिचा डावा पाय बाहेर काढला. माझ्या अंगठ्याला बोट अडकवून टिचकी तयार धरली. आणि मोजायला लागलो. सतराला तिची छाती एकदा हलली. जणू तिने स्वतःच प्रयत्न करून बघितला. मग परत थांबली. त्यानंतर मी मोजलं नाही... आणि टिचकीही मारली नाही. चांदवड आलं तेव्हा मंगलला म्हणालो, झोपली आहे.

हे मी कुणाला सांगितलेलं नव्हतं. मला वाटत होतं, हे माझ्याशिवाय कुणाला माहीत नाही.

"मी जागी होते," मंगल जिन्यात म्हणाली. "तुमचं बोट बघत होते. वाटत होतं आता माराल, आता माराल."

"मग तू का नाही..."

"तिचा पाय तुमच्या हातात होता."

एवढं बोलून तिने पदराने दुधाची रिकामी बाटली पुसली आणि पिशवीत टाकली. पंचवीस वर्षं ही बाई मला दोन वेळा जेवायला वाढत होती. त्या दिवसापासून तिने माझं ताट केलेलं नाही.

वैशूला मीच सांगितलं, खाली पार्किंगच्या कट्ट्यावर बसवून. शेवटी म्हणाली, "तिचं नाव काय होतं?"

"ठेवलं नव्हतं."

"म्हणजे पट्टीवर नुसतं 'बेबी ऑफ मंगल'."

"हो."

"बाबा, तुम्ही लिफ्टपर्यंतही यायचं नाही. सात दिवस होऊ देत. तुमचं नंतर बघू."

मी दुकानाच्या मागच्या खोलीत राहायला गेलो. वैशूने सात चौकोन भरले. सात दिवसांत एकही आठवण लागली नाही. नात माझ्या घरी आली.

मी नंतर डॉक्टर मॅडमना फोनवर सगळं सांगितलं, जीप सोडून. त्या चिडल्या नाहीत. दार उघडलं की गार हवा येते, अशा बाळांना तेवढं पुरतं, म्हणाल्या. तीन वेळा म्हणजे योगायोग. मी म्हटलं, तिसऱ्या वेळी मी दार उघडलंच नव्हतं. त्या म्हणाल्या, काका, झोप घेत जा.

बाळ सात महिन्यांचं झालं तेव्हा वैशू स्वतःच तिला घेऊन दुकानात आली. सकाळी दहा वाजता, रस्त्यावर भरपूर वर्दळ. "एकदा बघू या बाबा. तपासणी झालीय, डॉक्टर म्हणतात आता तसलं काही होत नाही." आवाजात माया नव्हती, पण आली होती. नात गुटगुटीत. टांगलेल्या तराजूच्या पारड्यांकडे बघून खिदळत होती. मग तिने मान वळवली आणि मी दिसलो.

चेहऱ्यावर हसू तसंच राहिलं. बाकी सगळं थांबलं.

मी या वेळी मोजलं नाही. "वैशू, आठवण दे तिला," एवढंच म्हणालो, मागच्या दाराने बाहेर पडलो आणि रेल्वेच्या भिंतीच्या कडेने चालत सुटलो. फोन येईपर्यंत चालत होतो.

"घेतला श्वास," वैशू म्हणाली. मग, "आता नको बाबा. कधीच नको."

तेव्हापासून मी तिला पाहिलेलं नाही. फोटो मागत नाही. एक छोटा काटा नीट तपासून घरी पाठवला होता, तिचं वजन करायला. तो मंगलने परत पाठवला.

एक राहिलं. वैशू दुकानात आली त्या दिवसानंतर, दुपारी जेवून मी खुर्चीत बसतो, पाय समोरच्या स्टुलावर असतात, शटर आतून ओढलेलं असतं... आणि माझ्या डाव्या तळपायाला टिचकी बसते. रोज नाही, पण आठवड्यातून तीन-चारदा. हलकी नाही. नख लागतं. लाल वण मी दोन डॉक्टरांना दाखवला. एक म्हणाले त्वचेचं काही नाही, दुसरे म्हणाले शीर दबत असेल. असेलही. पण ते बोट बाळाचं नाही, एवढं मला कळतं. मोठ्या माणसाचं, बाईचं बोट आहे. पंचवीस-सव्वीस वर्षांच्या बाईचं असावं तेवढं.

काटा चुकण्याची माझ्याकडे तीनच कारणं होती आणि या गोष्टीला त्यातलं एकही लागू पडत नाही. कुणाला चौथं माहीत असेल तर सांगा, मला माहीत नाही. माझा श्वास व्यवस्थित चालू असतो. श्वासाची आठवण मला लागत नाही. ती टिचकी कशाची आठवण देते, ते मात्र मी अजून एकदाही विचारलेलं नाही.