भोपळ्यातला भोंगा

बाबांची सातपूरची कंपनी बंद पडली, तेव्हा मी सातवीत होते. त्यांनी पेठकडच्या एका भगताकडून वाळका भोपळा आणला. हळद लावून कान टेकवला की जे घडायचं राहून गेलं ते ऐकू येतं, असं भगत म्हणाला होता. बाबांना कंपनीचा भोंगा ऐकू यायचा. रोज सकाळी ते कामावरचे कपडे घालून भोपळ्याला कान लावून बसत. आई पोळी पुढ्यात ठेवायची, ती वाळून जायची. मला नुसता संताप यायचा.

एकदा ते आंघोळीला गेले. भोपळा फोडायचाच म्हणून मी उचलला, आणि आधी कान लावला. आत बाबा होते. शाळेत आज काय झालं, असं मला विचारत होते.

मी भोपळा जागेवर ठेवला. दुसऱ्या दिवसापासून बाबा त्याच्यापासून कधी उठतात, याची मी वाट बघू लागले.