हाताला लागलेला रंग

कॉलेजच्या फुटबॉल संघाचे सदरे आमच्याच घरी रंगवायला आले, आणि माझ्या जिवाला घोर लागला. आम्ही म्हैसुरातले जुने रंगारी. अंतिम सामन्याच्या आधी बरेच दिवस धड ऊन पडलं नव्हतं, त्यामुळे लाल रंग पक्का बसलाच नाही. वडील थांबा म्हणत होते. कॉलेजवाले कसले थांबतात.

बन्नीमंटपाच्या मैदानावर मी खेळत होतो खरा, पण चेंडूपेक्षा माझी नजर सारखी अंगावरच्या घामाकडे जाई. कडेला वडील उभे. त्यांना खेळातलं काही कळत नव्हतं, ते नुसते सदरे बघत होते. त्यांच्याकडे पाहिलं की माझे पाय आणखीच चुकत.

सामना संपत आला तरी बरोबरीच होती. तेवढ्यात गोलासमोर कुणीतरी माझा सदरा मागून ओढला आणि मी आडवा झालो. ओढणाऱ्याने साफ नाकारलं. पंचाने त्याला तळवे दाखवायला लावले. दोन्ही लालभडक होते. पंचाने त्याचा हात धरून उंच केला, सगळ्या मैदानाला दाखवला आणि पेनल्टी दिली. त्या गोलावर आम्ही जिंकलो.

वडील कुठे दिसेनात, म्हणून मिरवणूक सोडून मी तसाच घरी पळालो. ते रंगाची भट्टी पेटवत होते.

"आम्ही जिंकलो. पाहिलंत ना?"

"पाहिलं. अख्ख्या गावाने पाहिलं, आपला रंग हाताला लागतो ते." त्यांनी वळून न बघताच हात मागे केला. "काढ तो सदरा."